बनककडी

आपल्याकडे करवंदं काळी पडायला लागतात, त्या दिवसांत हिमाचलच्या तीर्थन खोऱ्यात वरच्या अंगाला बर्फ नुकतं उठत असतं. देवदार खाली राहिलेले असतात, कैल विरळ होत जातो आणि रई-तोसांची दाट, काळसर हिरवी गर्दी सुरू होते. ही सगळी सूचिपर्णी झाडं. त्यांच्या तळाशी वर्षानुवर्षांच्या सुयांचा पिंगट थर साचलेला असतो. पाऊल टाकलं की तो दबतो आणि मागे ओल वर येते. अशा जागी एका वाटाड्यानं मला हात आडवा धरून थांबवलं होतं. मी समोरच्या शिखराकडे बघत चाललो होतो, आणि माझ्या बुटापुढे वीतभर उंचीचा एक कोंब उभा होता.

पहिल्या नजरेला ती मिटलेली छत्री वाटली. तांबूस दांडा, त्याला लगटून खाली लोंबणारी दोन घडी पडलेली पानं, पानांवर जांभळट-तपकिरी डाग. छत्रीच्या टोकाला जिथं लोखंडी टोपण असतं, तिथं एक फूल होतं. पांढऱ्यात गुलाबी मिसळलेल्या सहा पाकळ्या, मध्ये पिवळे पुंकेसर आणि त्यांच्यामध्ये हिरवा, फुगीर स्त्रीकेसर. एका दांड्याला फूल एकच. पानं पुरती उघडायच्या आधीच ते उमलतं. थोड्याच दिवसांत पाकळ्या गळतात, पानं पसरून तळहातासारखी मोठी होतात आणि जिथं फूल होतं ती जागा पानांखाली झाकली जाते. जूनअखेर त्या वाटेनं जाणाऱ्याला इथं फूल होतं याचा पत्ताही लागत नाही.

वाटाड्या म्हणाला, ‘बनककडी.’ पहाडी मुलखात बहुतेक हेच नाव ऐकू येतं. काश्मिरात हिला वनवांगुन म्हणतात. वांगुन म्हणजे वांगं, तेव्हा मराठी कानाला हे नाव समजावून सांगायला नको. तिबेटी वैद्यकात हीच ओल्मोसे, आणि तिथं ती बायकांच्या दुखण्यांवरच्या औषधांत पूर्वापार आहे. काकडी काय किंवा वांगं काय, दोन्ही नावं फळावरून पडलेली. श्रावण-भाद्रपदाच्या सुमाराला पानाखाली कोंबडीच्या लहान अंड्याएवढं फळ लोंबायला लागतं आणि पिकलं की लालबुंद होतं. पिकल्या फळाचा गर डोंगरातली माणसं खातात. मात्र खाण्याजोगं तेवढंच. कच्चं फळ, पानं, दांडा आणि सर्वांत जास्त म्हणजे जमिनीखालची मुळी, हे सगळं विषारी आहे. पोटात गेलं तर उलट्या-जुलाबांवर भागत नाही, मज्जातंतूंपर्यंत इजा पोहोचू शकते. ट्रेकिंगला जाणाऱ्या आपल्या मंडळींनी रानमेवा म्हणून हिच्या वाटेला जाऊ नये, हे इथंच स्पष्ट सांगून ठेवतो.

अफगाणिस्तानापासून नैऋत्य चीनपर्यंत, साधारण २००० ते ४००० मीटर उंचीच्या पट्ट्यात ही वाढते. तिचं शास्त्रीय नाव ठेवलं जॉन फोर्ब्स रॉइल यांनी. ते कानपूरला जन्मले आणि पुढे सहारनपूरच्या सरकारी वनस्पती उद्यानाचे प्रमुख झाले. त्यांनी नाव दिलं पोडोफायलम हेक्झान्ड्रम. हेक्झान्ड्रम म्हणजे सहा पुंकेसरांची. तिची एक बहीण उत्तर अमेरिकेच्या पूर्व भागातल्या पानझडी रानांत वाढते, तिला तिथले लोक मेॲपल म्हणतात, आणि तिच्या फुलात बारा किंवा त्याहून जास्त पुंकेसर असतात. नावातला सहाचा आकडा या फरकासाठी आहे. पोडोफायलम या शब्दामागे बदकाच्या पायासारख्या पानाची कल्पना आहे. पुढे १९७९ साली चिनी वनस्पतिशास्त्रज्ञांनी हिमालयातल्या जातीसाठी सायनोपोडोफायलम हे वेगळं वंशनाम सुचवलं, त्यामुळे आज पुस्तकांत दोन्ही नावं आढळतात. घराणं मात्र आपल्या ओळखीचं आहे. काष्ठौषधींच्या दुकानात पिवळीधमक दारुहळद मिळते ना, त्याच घराण्यातली ही.

या दोन बहिणींमधला एक फरक मला पुंकेसरांच्या संख्येपेक्षा फार मोलाचा वाटतो. अमेरिकेतल्या बहिणीला स्वतःचे पराग सहसा चालत नाहीत. भुंगा किंवा मधमाशी दुसऱ्या रोपावरून पराग घेऊन आली तरच तिला फळ धरतं. हिमालयातली बनककडी फुलते ती बर्फाच्या मागोमाग, जेव्हा हवा बोचरी असते आणि किडे फारसे बाहेर पडलेले नसतात. अशा वेळी वाट बघत बसणं परवडणारं नाही. २०१३ साली प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात नैऋत्य चीनच्या पर्वतांमधल्या फुलांवर पाळत ठेवून तिनं काढलेला मार्ग नोंदवला आहे. फूल उमलतं तेव्हा स्त्रीकेसर मधोमध ताठ उभा असतो, पुंकेसरांपासून अंतर राखून. म्हणजे आधी परक्या परागांना संधी. कोणी आलं नाही, की स्त्रीकेसर हळूहळू एका बाजूला झुकू लागतो आणि शेवटी त्याची कुक्षी एखाद्या परागकोशाला टेकते. आपलेच पराग आपल्याला. फळ धरतं. वनस्पती हलत नाहीत असं आपण सहज म्हणून जातो. त्या रिकाम्या, गार रानात एका फुलाच्या आत चाललेली ही इवलीशी हालचाल बघायला कोणी नसतं, पण त्या वर्षीच्या बिया तिच्यावर ठरतात.

किड्यांची टंचाई तिनं अशी भागवली. चरणाऱ्या जनावरांचा आणि कुरतडणाऱ्या किड्यांचा बंदोबस्त विषानं केला. हिमालयात हे सोपं काम नव्हे. उन्हाळा लागला की गद्दी मेंढपाळांचे कळप याच वाटांनी वर चढतात, आणि वर्षातले कितीतरी महिने बर्फाखाली गेल्यावर उरलेल्या अवधीत पान गमावणं म्हणजे पुढच्या वर्षीची शिदोरी गमावणं. ही शिदोरी जमिनीखालच्या आडव्या खोडात असते. लोक त्याला मुळी म्हणतात, आपणही म्हणू. दर वर्षी वरचा दांडा वाळून जातो, मुळी राहते, आणि पुढच्या वसंतात तिच्याच टोकाच्या डोळ्यातून नवी छत्री वर येते. जिथं जीव साठवलेला, तिथंच विषाचा पहारा सर्वांत कडक. त्या विषातला मुख्य पदार्थ म्हणजे पोडोफायलोटॉक्सिन. हिमालयातल्या वाळलेल्या मुळीत तो ४ टक्क्यांच्या आसपास निघतो, अमेरिकन मुळीत बहुधा १ टक्क्याहूनही कमी. पुढचं सगळं महाभारत या फरकामुळे घडलं.

अमेरिकेतले मूळ रहिवासी मेॲपलची मुळी जुलाबासाठी आणि जंतांवर वापरत. गोऱ्या वसाहतवाल्यांनी ती त्यांच्याकडून उचलली आणि १८२० सालच्या पहिल्या अमेरिकन औषधसंहितेत तिचा समावेश झाला. मुळीच्या राळेला पोडोफायलिन म्हणत, आणि पोट साफ करण्याच्या गोळ्यांतून ती घरोघर जात होती. तिचे दुष्परिणाम इतके तीव्र होते, की १९४२ साली तिला संहितेतून काढून टाकलं गेलं. नेमकं त्याच वर्षी न्यू ऑर्लिन्सच्या एका डॉक्टरांनी कळवलं, की जननेंद्रियांवरच्या चामखिळींना ही राळ तेलात कालवून लावली तर त्या झडून जातात. पोटातून हद्दपार झालेलं औषध कातडीवरून परत आलं.

चामखीळ म्हणजे पेशींची बेसुमार वाढ. ती थांबते, याचा अर्थ हा पदार्थ पेशींचं विभाजन अडवतो. १९४६ साली ते सूक्ष्मदर्शकाखाली दिसलं. पेशी दुभंगताना तिच्या आत सूक्ष्म नळ्यांचा एक सांगाडा उभा राहतो. तो गुणसूत्रांना दोन बाजूंना ओढतो. पोडोफायलोटॉक्सिन त्या नळ्या बांधूच देत नाही. बेसुमार वाढ हाच तर कर्करोगाचा धर्म, तेव्हा आशा वाटणं साहजिक होतं. अमेरिकेच्या राष्ट्रीय कर्करोग संस्थेत जोनाथन हार्टवेल आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९५०च्या सुमारास या रेणूची रचना उलगडली. पण रोग्याला देऊन पाहिलं, तर कर्करोगाच्या आधी रोगीच हातचा जाईल इतकं ते जहाल होतं. कथा इथं संपायची.

ती संपली नाही, कारण स्वित्झर्लंडमधल्या बाझल शहरात सॅन्डोझ कंपनीच्या रसायनशास्त्रज्ञांना एक शंका आली. या कंपनीचा हात वनस्पतींतल्या औषधांवर बसलेला होता. हृदयरोगावरची काही वनस्पतिज द्रव्यं झाडात साखरेच्या रेणूला जोडलेली असतात आणि मुळी वाळवता-कुटताना ती साखर सुटून जाते, हे त्यांना माहीत होतं. मग बनककडीतही तसंच असेल तर? साखर जोडलेलं रूप पाण्यात विरघळेल आणि कदाचित शरीराला झेपेलही. हिमालयातल्या जातीच्या मुळ्या घेऊन, साखर सुटू नये अशी काळजी घेत त्यांनी अर्क काढला, आणि शंका खरी ठरली. मात्र साखरेसकटचा रेणू सौम्य असला तरी कर्करोगावर फारच दुबळा होता.

यानंतरचा भाग मला या संपूर्ण इतिहासात सर्वांत भावतो. रसायनज्ञ आल्बर्ट फॉन वार्टबुर्ग आणि औषधशास्त्रज्ञ हार्टमान श्टेहेलिन यांनी शुद्ध रेणूऐवजी मुळीतल्या साखरयुक्त द्रव्यांचं मिश्रण घेऊन त्यावर एक रासायनिक क्रिया केली. त्या कच्च्या मिश्रणाचा परिणाम अपेक्षेपेक्षा जास्त आला. मिश्रणातला प्रत्येक ओळखीचा घटक वेगळा काढून तपासला, पण एकाचाही तेवढा परिणाम दिसेना. दुसऱ्या कोणी हा तपासणीतला घोळ म्हणून सोडून दिलं असतं. श्टेहेलिन यांनी सोडलं नाही. मिश्रणात अगदी लेशमात्र असलेलं काहीतरी हे काम करतंय, आणि ते पेशीला वेगळ्याच रीतीनं मारतंय, असं त्यांनी धरून ठेवलं. वर्षानुवर्षं गाळत, वेगळं करत ते त्या लेशापर्यंत पोहोचले. बनककडीच्या मुळीत नगण्य प्रमाणात असणारा, पोडोफायलोटॉक्सिनचाच एक चुलतभाऊ त्यातून निघाला. त्यात फेरफार करत १९६६ साली त्यांनी बनवलेला रेणू म्हणजे इटोपोसाइड. पुढे त्याचे हक्क एका अमेरिकन कंपनीकडे गेले आणि १९८३ साली अमेरिकेत त्याला वृषणाच्या कर्करोगासाठी मान्यता मिळाली.

हे औषध नेमकं काय करतं, ते औषध तयार झाल्यावर कितीतरी वर्षांनी कळलं. आपल्या प्रत्येक पेशीत सुमारे दोन मीटर लांबीचा डीएनएचा धागा कोंबलेला असतो. शिवणाच्या डब्यातली रिळं ज्यांनी सोडवली आहेत त्यांना त्यातली अडचण कळेल. पेशी दुभंगायची तर धाग्याची नक्कल व्हायला हवी, आणि नक्कल व्हायची तर गुंता सुटायला हवा. त्यासाठी पेशीत टोपोआयसोमरेज नावाची विकरं असतात. त्यांपैकी दुसऱ्या क्रमांकाचं विकर धाग्याचे दोन्ही पदर कापतं, त्या फटीतून दुसरा धागा पार करतं आणि कापलेलं पुन्हा सांधतं. इटोपोसाइड ते कापण्याच्या आड येत नाही, सांधू मात्र देत नाही. जी पेशी भराभर दुभंगते तिच्यात असे काप भराभर साचतात आणि ती मरते. केस, तोंडाच्या आतली त्वचा, रक्त बनवणारी मज्जा यांच्या पेशीही वेगानं वाढतात, म्हणून रोग्याला त्याचा त्रास भोगावा लागतो. ज्यांच्या घरात केमोथेरपी झाली आहे त्यांना हे मी सांगायला नको.

वृषणाचा कर्करोग बहुधा तरुण मुलांना होतो. तो शरीरात पसरला की पूर्वी बहुतेकांचा मृत्यू ठरलेला असे. १९७४ साली अमेरिकेत इंडियाना विद्यापीठात लॉरेन्स आइनहॉर्न यांनी प्लॅटिनमयुक्त सिसप्लॅटिन हे औषध इतर दोन औषधांबरोबर देऊन हे चित्र पालटलं. त्या दोहोंतलं एक, व्हिनब्लास्टिन, आपल्या अंगणातल्या सदाफुलीतून येतं. पुढे १९८७ साली आइनहॉर्न यांच्या गटानंच दाखवून दिलं, की व्हिनब्लास्टिनच्या जागी इटोपोसाइड दिलं तर गुण तितकाच किंवा जास्त येतो आणि त्रास कमी होतो. सदाफुलीची जागा बनककडीनं घेतली. आज रोग पसरलेल्या अवस्थेतही या प्रकारचे साधारण ८० टक्के रोगी बरे होतात. २ एप्रिल २०११ला वानखेडेवर विश्वचषक उचलणाऱ्या संघात युवराज सिंग होता, स्पर्धेतला सर्वोत्तम खेळाडू. काही महिन्यांनी त्याच्या दोन फुफ्फुसांच्या मध्ये गाठ असल्याचं निदान झालं. वृषणाच्या बहुतेक कर्करोगांसारखी तीही जननपेशींपासून उगवणारीच गाठ होती. २०१२च्या सुरुवातीला तो इंडियानापोलिसला याच आइनहॉर्न यांच्याकडे उपचार घेत होता, आणि त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये पुन्हा भारताकडून खेळला. या जातीच्या गाठींवरचा जगभर रूढ असलेला उपचार इटोपोसाइडवर उभा आहे. फुफ्फुसाच्या काही कर्करोगांवर, लहान मुलांच्या काही गाठींवरही ते दिलं जातं. जागतिक आरोग्य संघटनेच्या अत्यावश्यक औषधांच्या यादीत त्याचं नाव आहे.

आता मुळीकडे परत यायला हवं, कारण या औषधाची किंमत तिथं मोजली गेली आहे. पोडोफायलोटॉक्सिन कारखान्यात पहिल्यापासून बनवता येतं, पण रेणूची ठेवण इतकी अवघड आहे की तसं बनवणं परवडत नाही. त्यामुळे कच्चा माल वनस्पतीकडूनच घ्यावा लागतो. अमेरिकन बहिणीत तो थोडा, म्हणून कुदळी हिमालयात पडल्या. पान तोडलं तर झाड पुन्हा फुटतं. इथं मात्र जीव जिथं आहे तेच खणून न्यायचं. गावकऱ्यांना दोष देऊन मोकळं होणं सोपं आहे. वरच्या खोऱ्यांतल्या घराला गुच्छी, कडू, पतीस, धूप आणि बनककडी विकून वर्षाचे रोख पैसे मिळत, आणि त्यांच्या हाती पडणारी रक्कम आणि दवाखान्यातल्या बाटलीची किंमत यांचा मेळ कधी लागलाच नाही. खुद्द तीर्थन खोऱ्याचा वरचा भाग १९९९ साली ग्रेट हिमालयन राष्ट्रीय उद्यानात गेला, २०१४ साली युनेस्कोच्या वारसायादीत आला, आणि तिथल्या लोकांचा जडीबुटी काढण्याचा जुना शिरस्ता बंद झाला. १९९०पासून बनककडीचा आंतरराष्ट्रीय व्यापार साइट्स कराराच्या दुसऱ्या परिशिष्टाखाली नियंत्रित आहे, आणि रानातून काढलेल्या मुळीच्या निर्यातीवर भारत सरकारची बंदी आहे.

महाराष्ट्राला ही गोष्ट परकी वाटायला नको. सह्याद्रीच्या सदाहरित रानात नरक्या वाढतो. उग्र वासामुळे नाव असं पडलेलं. १९७२ साली मुंबईत, गोरेगावच्या सिबा संशोधन केंद्रातल्या टी. आर. गोविंदाचारी आणि एन. विश्वनाथन यांनी त्यात कॅम्प्टोथेसिन असल्याचं दाखवलं. त्या द्रव्यापासून बनणारी कर्करोगाची औषधं टोपोआयसोमरेज विकरांपैकी पहिल्या क्रमांकाच्या विकराला अडवतात. बनककडीपासूनचं औषध दुसऱ्या क्रमांकाच्या विकराला अडवतं, नरक्यापासूनचं पहिल्या. डीएनएचा गुंता सोडवणाऱ्या दोन हातांची दोन औषधं, एक देवदाराच्या मुलखातलं आणि एक आपल्या घाटमाथ्यावरचं. कोल्हापूर, सिंधुदुर्गाच्या रानांतून नरक्याची लाकडं रात्री ट्रकमधून गेली, तो प्रकार आणि हिमालयातली कुदळ यांत फरक फक्त उंचीचा.

सुटकेची एक वाट मात्र वनस्पतीनंच दाखवली आहे. स्टॅनफर्ड विद्यापीठात वॉरन लाऊ आणि एलिझाबेथ सॅटली यांच्यापुढे प्रश्न होता, की बनककडी पोडोफायलोटॉक्सिनचा रेणू नेमका कोणत्या पायऱ्यांनी बनवते? हजारो जनुकांच्या गर्दीत ती मोजकी जनुकं शोधायची कशी? त्यांनी रोपाच्या पानाला जखमा केल्या. कुरतडणारा किडा आला असं समजून पान विष बनवायच्या तयारीला लागलं, आणि कोणती जनुकं जागी झाली ते टिपता आलं. २९ जनुकांवर संशय होता, त्यातली ६ खरी निघाली. आधीपासून माहीत असलेली ४ त्यांना जोडली, आणि अशी १० जनुकं तंबाखूच्या एका रानटी जातीच्या पानात घातली. त्या पानानं जो रेणू बनवला तो म्हणजे बाझलमध्ये लेशमात्र सापडलेला तोच चुलतभाऊ, इटोपोसाइडच्या अगदी अलीकडची पायरी. हे संशोधन २०१५ साली ‘सायन्स’मध्ये प्रसिद्ध झालं. प्रयोगशाळेतल्या पानापासून कारखान्यातल्या पिंपापर्यंतचं अंतर मोठं असतं, तरी दिशा मिळाली आहे.

दरम्यान लागवडीचे प्रयत्न चालू आहेत. मुळीचा डोळा असलेला तुकडा पुन्हा मातीत लावला तर तो फुटतो. बियांपासून करायचं तर चिकाटी हवी. पिकल्या फळातल्या बिया थंडीतून गेल्याशिवाय सहसा हलत नाहीत, त्या रुजतातही मागेपुढे. जे रोप वर येतं ते पहिल्या वर्षी बहुधा दोन बीजपत्रांच्या पलीकडे जात नाही. खरं पान दुसऱ्या वसंतात, आणि फुलाची वाट त्यानंतर आणखी काही वर्षं. त्या दिवशी मिटल्या छत्रीपासून दोन पावलांवर, सुयांच्या थरातून अशी दोनच पानांची एक काडी वर आलेली होती. वाटाड्यानं खाली बसून तिच्याभोवतीच्या सुया बोटानं बाजूला केल्या, आणि आम्ही वाट सोडून वरच्या अंगानं गेलो.